दिवाळखोर राज्याचा धनवान जांवई

उल्हासनगरापासून बदलापुरापर्यंतच्या बाजारांत सुट्या पैशांऐवजीं दुकानदार हातावर चॉकलेट ठेवतो, तेव्हां आम्हांस रेने क्लेअर या फ्रेंच दिग्दर्शकाचा १९३४ सालचा ‘ल दर्निए मिलियार्देर’, म्हणजे ‘शेवटचा अब्जाधीश’, हा बोलपट हटकून आठवतो. त्यांतील कासिनारिओ हें चिमुकलें राज्य जुगाराच्या उत्पन्नावर पोसलेलें. पुढें त्याचें दिवाळें वाजतें, चलन नाहींसें होतें, आणि उपाहारगृहांतील गिऱ्हाईक पेयाच्या किंमतीदाखल कोंबडी देतें. वाढपी दोन पिलें व एक अंडें परत आणतो. गिऱ्हाईक पिलें उचलतें व अंडें बक्षीस म्हणून ठेवितें! चलनावरील आमचे कित्येक तास या एका अंड्यापुढें फिके पडले असते.

राणी कर्जासाठीं बँको नांवाच्या अब्जाधीशास पाचारण करते. मोबदल्यांत राजकन्या इझाबेल त्यास द्यावयाची. येथें मात्र आमचें हसूं आवरतें. देवलांच्या १८९९ सालच्या ‘संगीत शारदा’ नाटकांतील कांचनभटासही मुलीच्या बदल्यांत वृद्ध भुजंगनाथाचा पैसा हवा होता. तो भट, ही राणी, व्यवहार तोच. आतां गंगा उलटी वाहते, पैसा वधूकडून वराकडे जातो, आणि तोही १९६१ चा हुंडाबंदीचा कायदा असतां. तरी स्थळाच्या चौकशींत पहिला प्रश्न पगाराचा, स्वभावाचा नव्हे, हें आपल्याच माजघरांत ऐकूं येतें कीं नाहीं, तें वाचकांनीं पाहावें.

बँकोच्या हातीं कारभार येतो, डोक्यास मार बसून त्याची बुद्धि फिरते, आणि तो वेडगळ हुकूम सोडूं लागतो. प्रजा ते निमूट पाळते. एवढ्या श्रीमंताच्या बोलण्यांत कांहींतरी गहन अर्थ असलाच पाहिजे! भर्तृहरीनें नीतिशतकांत धनवंतांस आपोआप चिकटणाऱ्या गुणांची थट्टा केली आहे, तीच ही. राजकन्या शेवटीं वाद्यवृंदाच्या संचालकाबरोबर निघून जाते, आणि बँको स्वतःच बुडालेला निघतो. शारदेच्या लग्नांत गोत्र आडवें आलें, येथें जांवईच कंगाल!

जर्मन संबंध असलेल्या टोबिस कंपनीनें हें कथानक नाकारलें. तें पाते-नातां कंपनीनें काढलें. ९ ऑक्टोबर १९३४ रोजीं मार्सेय येथें युगोस्लाव्हियाच्या राजाचा खून झाला, आणि त्याच महिन्यांत हा चित्रपट पॅरिसांत लागला. राजांच्या थट्टेस ती वेळ नव्हती. तो पडला, व क्लेअर इंग्लंडास गेला.

पाहावयाचा तर मुलींना शेजारीं बसवून पाहावा. खालीं उमटणारीं इंग्रजी वाक्यें आजीस समजावून सांगणारा एखादा नातू मात्र जवळ असावा.