जात विचाराल तेव्हा सांगू तीच लिहा

प्रति,
श्री. मृत्युंजय कुमार नारायण,
भारताचे महानिबंधक व जनगणना आयुक्त, नवी दिल्ली



येत्या जनगणनेत जात मोजायची, असा निर्णय केंद्र सरकारने ३० एप्रिल २०२५ रोजी घेतला. १६ जूनला अधिसूचना निघाली आणि १ मार्च २०२७ ही आपल्या भागासाठी मोजणीची संदर्भतारीख ठरली. १९३१ नंतर म्हणजे जवळपास शतकाने प्रत्येक माणसाची जात जनगणनेत येणार आहे. ती यावी असे मला मनापासून वाटते. जातीमुळे कोणाला काय मिळाले आणि कोणाचे काय राहिले, हे मोजल्याशिवाय कळत नाही. माझे म्हणणे मोजावे की नाही याबद्दल नाही, लिहावे कसे याबद्दल आहे.

मी माहुलची. आमचे गाव लोकांना रिफायनरीच्या वासामुळे, खाडीतल्या फ्लेमिंगोंमुळे, नाहीतर तानसा जलवाहिनीलगतची घरे पाडून इथल्या इमारतींत आणून ठेवलेल्या माणसांमुळे माहीत असते. या सगळ्याच्या आधीपासून इथे आगरी-कोळ्यांची वस्ती आहे. माझे माहेर आगऱ्यांचे, सासर कोळ्यांचे.

आता समजा, आपला प्रगणक आमच्या दारात आला आणि त्याने जात विचारली. घरातला माणूस म्हणेल, "कोळी." आमच्याकडे एवढेच म्हणतात. पण महाराष्ट्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत कोळ्यांच्या तीन वेगळ्या नोंदी आहेत: कोळी महादेव व डोंगर कोळी एका ओळीत, कोळी मल्हार दुसऱ्या, कोळी ढोर आणि टोकरे कोळी तिसऱ्या. आम्ही दर्यावरचे लोक या तिन्हींत नाही. सोनकोळी, वैती, मांगेला, ख्रिश्चन कोळी यांना राज्याने १९९५ मध्ये विशेष मागास प्रवर्गात घातले. आगरी इतर मागासवर्गात. म्हणजे एका गल्लीत दोन प्रवर्ग, आणि "कोळी" या एका उत्तरामागे कितीतरी जाती-जमाती.

प्रगणकाच्या हातात मोबाइल असेल. त्यात "कोळी" टाकल्यावर पाच-सहा नावे खाली उतरली, तर प्रगणक म्हणून दिवसभर जिने चढून दमलेली शिक्षिका काय करील? वरचे नाव दाबील. तिला दोष देता येणार नाही. पण अशी हजारो बोटे वरच्या नावावर पडली, तर अकोले, जुन्नर, आंबेगावच्या डोंगरातल्या महादेव कोळ्यांची संख्या आमच्यामुळे फुगेल आणि सोनकोळी कागदावर विरळ होतील. अनुसूचित जमातींच्या राखीव जागा जनगणनेच्या आकड्यावरून ठरतात. डोंगरातल्या माणसाचा हक्क खाडीतल्या चुकीच्या नोंदीने हलता कामा नये. महादेव कोळी असल्याचा दावा खरा की खोटा, हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलेला आहे. जात पडताळणी समित्यांनी कसे काम करावे हे न्यायालयाने १९९४ मध्ये सांगितले, तेही अशाच एका प्रकरणात. इतकी नाजूक गाठ एका बोटाने सोडवायची नसते.

उलट टोकाला काय होते, तेही आपल्या कार्यालयाला ठाऊक आहे. २०११ च्या सामाजिक, आर्थिक व जातनिहाय पाहणीत जो जे सांगेल ते ऐकू येईल तसे लिहिले गेले. देशभरात ४६ लाखांहून अधिक जाती निघाल्या. महाराष्ट्रात ४,२८,६७७ निघाल्या, राज्याच्या याद्यांत होत्या ४९४. हे केंद्र सरकारनेच २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात सांगितले, आणि या आकड्यांवर विसंबता येत नाही असेही सांगितले. आडनाव, कूळ, पोटजात, गावाचे नाव, शब्दाची वेगवेगळी लेखने, सगळ्यांची एकेक जात झाली. लोकांनी उत्तरे दिली होती, ती जुळवून घेण्याची तयारी आधी झाली नव्हती. आता त्या धड्याचा अर्थ "बंद यादी द्या आणि त्यातलेच निवडायला लावा" असा काढला जाईल, ही मला भीती आहे.

माझी मागणी साधी आहे. दोन रकाने ठेवा. पहिल्या रकान्यात माणूस सांगेल ते त्याच्याच शब्दांत, मराठीत, जसेच्या तसे. दुसऱ्या रकान्यात आपल्या कार्यालयाने नंतर लावलेला संकेतांक. कोणत्या शब्दाला कोणता संकेतांक लावणार, ती यादी मोजणीच्या आधी प्रसिद्ध करा आणि तिच्यावर हरकती मागवा. नुसते "कोळी" एवढेच उत्तर आले, तर ते तसेच राहू द्या आणि त्यांची संख्या वेगळी छापा. अर्धवट उत्तर अर्धवट म्हणून दाखवणे हे अंदाजाने पुरे करण्यापेक्षा कितीतरी प्रामाणिक आहे.

रकाना कोण भरतो, यावर सगळे अवलंबून असते. १९०१ मध्ये जनगणना आयुक्त हर्बर्ट रिस्ले यांनी जातींची उच्चनीच उतरंड लावायला घेतली. माणसाच्या नाकाच्या मापावरून त्याचा सामाजिक दर्जा कळतो, असे मानणारा हा माणूस. मग आपल्या जातीला वरची पायरी मिळावी म्हणून देशभरातून अर्जांचा ढीग पडला. अमेरिकेत १९३० च्या जनगणनेत वंशाच्या रकान्यात "हिंदू" असा एक वंश होता. पंजाबातून गेलेला शीख शेतकरी आणि मुसलमान खलाशी, दोघेही तिथे वंशाने हिंदू. त्याच वर्षी "मेक्सिकन" हाही वंश ठरवला आणि विरोध झाल्यावर पुढच्या वेळी काढून टाकला. तिथे बराच काळ प्रगणक तोंडाकडे बघून वंश लिहीत असे. १९६० पासून लोक आपला तक्ता आपण भरू लागले आणि २००० पासून एकाहून अधिक वंश नोंदवता येऊ लागले.

मुंबईनेही नावे घडताना पाहिली आहेत. इथल्या मूळच्या मराठी ख्रिस्ती लोकांनी १८८७ मध्ये, व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षी, "ईस्ट इंडियन" हे नाव घेतले. गोव्याहून आणि मंगळूरहून आलेल्या ख्रिस्ती लोकांहून आपण वेगळे आहोत, हे सरकारला कळावे आणि नोकऱ्यांत डावलले जाऊ नये, हा त्यामागचा हेतू. त्यांच्यात कोळी आहेत, भंडारी आहेत, कुणबी आहेत. त्यांनी काय लिहायचे? दोन्ही सांगतील, तर दोन्ही लिहा.

इमारतींमधल्या शेजाऱ्यांचा प्रश्न आणखी बिकट आहे. महाराष्ट्रात जातीचा दाखला काढायचा, तर अनुसूचित जाती-जमातींना १९५० पूर्वीचा, विमुक्त-भटक्यांना १९६१ पूर्वीचा, इतर मागास आणि विशेष मागास प्रवर्गाला १९६७ पूर्वीचा राज्यातल्या वास्तव्याचा पुरावा लागतो. ज्यांचे घर बुलडोझरखाली गेले, त्यांच्या ट्रंकेत तो कुठून येणार? आणि जातीचे स्थान राज्याच्या सीमेवर बदलते. बंजारा महाराष्ट्रात विमुक्त जातीत, कर्नाटकात अनुसूचित जातीत, तेलंगणात अनुसूचित जमातीत. माणूस तोच, तांडाही तोच. म्हणून जनगणनेत त्याला प्रवर्ग विचारू नका, जात विचारा. प्रवर्ग कोणता, हे राज्याच्या यादीवरून कार्यालयात बसूनही ठरवता येते.

लोक दाखल्याच्या भीतीने उत्तर बदलतील, हेही लक्षात घ्या. जनगणना अधिनियम, १९४८ च्या कलम १५ नुसार जनगणनेचे वैयक्तिक तक्ते कोणाला पाहता येत नाहीत आणि पुरावा म्हणून वापरता येत नाहीत. हे माहुलमध्ये किती जणांना माहीत असेल? "इथे सांगाल त्याने दाखला मिळणार नाही आणि असलेला जाणारही नाही," हे वाक्य प्रगणकाने जात विचारण्याआधी मोठ्याने वाचून दाखवावे, असा नियमच करा. मराठा-कुणबी वादात हैदराबाद संस्थानातल्या जुन्या नोंदींना आज काय किंमत आली आहे, हे सगळा महाराष्ट्र बघतो आहे. त्यामुळे कागदावर पडलेला शब्द पुढे पिढ्यांना धरतो, हे आता शाळकरी पोरालाही कळते.

एक गोष्ट बायकांसाठी. कुटुंबप्रमुखाची जात विचारायची आणि तीच खाली सगळ्यांना लावायची, ही सवय फार जुनी आहे. मी लग्न करून कोळ्यांच्या घरात आले म्हणून माझे आगरीपण पुसले गेले नाही. माझ्या मुलीला तिच्या आईची जातही सांगावीशी वाटली, तर तिला जागा हवी. आणि ज्याला "जात नाही" असे लिहायचे आहे, त्यालाही.

संकेतांकांची यादी मराठीत छापून माहुलच्या चावडीवर आणि पुनर्वसन वसाहतीत लावा. हरकती ऐकायला दिल्लीहून नाही तरी मुंबईच्या जनगणना संचालनालयातून कोणीतरी या. आमच्या होड्या भरती-ओहोटीच्या वेळा धरून जातात, तेव्हा येण्याआधी दोन दिवस कळवा. कोळीवाड्यातली माणसे घरी असतील अशी वेळ आम्ही सांगू.

आपली,
माहुल गावची एक रहिवासी