विश्लेषण : शासन निर्णयाने सेवा नियम बदलता येतो का?

सोलापुरात सात रस्ता म्हटले की शासकीय विश्रामगृह आणि आसपासची सरकारी कार्यालये डोळ्यांसमोर येतात. इथल्या काय, राज्यातल्या कुठल्याही आस्थापना शाखेत एक प्रश्न हमखास ऐकू येतो : ‘जीआर आहे का?’ बदली, पदोन्नती, निवृत्तिवेतन अशा प्रत्येक फाइलचा निकाल जीआर किंवा परिपत्रक दाखवून लागतो. पण तो कागद मूळ सेवा नियमाच्या विरोधात असेल तर?

नियम आणि शासन निर्णय यांत फरक काय?

राज्यघटनेच्या अनुच्छेद ३०९ नुसार सरकारी सेवेतील भरती व सेवाशर्तींचा कायदा करण्याचा अधिकार विधिमंडळाला आहे. तो होईपर्यंत राज्यपाल नियम करू शकतात. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ हे असेच नियम. त्यांना कायद्याचे बळ असते. शासन निर्णय व परिपत्रके मात्र अनुच्छेद १६२ मधील कार्यकारी अधिकारातून निघतात.

गोंधळ होतो तो शेवटच्या ओळीमुळे. ‘महाराष्ट्राचे राज्यपाल यांच्या आदेशानुसार व नावाने’ असे जीआरखाली छापलेले असते. पण ती सरकारी आदेश काढण्याची घटनात्मक पद्धत आहे. तेवढ्याने जीआरचा नियम होत नाही. नियम करताना किंवा बदलताना अनुच्छेद ३०९ च्या परंतुकाचा उल्लेख असलेली अधिसूचना काढून ती राजपत्रात प्रसिद्ध केली जाते.

सर्वोच्च न्यायालय काय म्हणते?

संतराम शर्मा विरुद्ध राजस्थान राज्य या १९६७ च्या निकालातील सूत्र आजही लागू आहे. नियम एखाद्या मुद्द्यावर गप्प असतील तर सरकार सूचना काढून ती उणीव भरून काढू शकते. पण प्रशासकीय सूचनेने नियमात बदल करता येत नाही, नियम बाजूलाही सारता येत नाही.

याची झळ कुणाला बसते?

निवृत्त होणाऱ्याला सर्वाधिक. खात्यांतर्गत चौकशी सुरू असताना निवृत्तिवेतनाचा काही भाग व उपदान झारखंड सरकारने रोखले होते. तिथल्या निवृत्तिवेतन नियमांत चौकशी प्रलंबित असताना अशी रक्कम अडवण्याची तरतूद नव्हती. निवृत्तिवेतन ही अनुच्छेद ३०० अ खालील मालमत्ता आहे, कायद्याच्या आधाराशिवाय, केवळ प्रशासकीय सूचनेवर ती हिरावता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगितले.

महाराष्ट्रात चित्र वेगळे आहे. १९८२ च्या नियमांतील नियम १३० नुसार विभागीय वा न्यायालयीन कार्यवाही प्रलंबित असेल तर तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते. उपदान मात्र अंतिम आदेशापर्यंत थांबते. म्हणजे इथे उपदान अडते ते नियमामुळे. म्हणूनच झारखंडचा निकाल दाखवून प्रत्येक प्रकरणात दाद मिळेल, असे नाही. आधी आपल्या राज्याचा नियम वाचावा लागतो.

बदल्यांचे काय?

इथे तर विधिमंडळाचाच कायदा आहे. महाराष्ट्राच्या २००५ च्या बदली कायद्यानुसार पदावरील सर्वसाधारण कालावधी तीन वर्षांचा आणि बदल्यांचा हंगाम एप्रिल-मेचा. मुदतीपूर्वी बदली करायची तर विशेष प्रकरण असावे लागते, कारणे लेखी नोंदवावी लागतात आणि लगतच्या वरिष्ठ सक्षम प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी लागते. या अटी परिपत्रकाने किंवा शिफारसपत्राने माफ होत नाहीत.

मग जीआर निरुपयोगी आहेत का?

नाही. कार्यपद्धती, नमुने, कागदपत्रे, कालमर्यादा असा तपशील प्रत्येक वेळी नियमात घालता येत नाही. काही नियमांतच शासनाला शिथिलतेचा अधिकार दिलेला असतो. नियमाच्या चौकटीतला जीआर अधिकाऱ्यांवर बंधनकारकच असतो. अडचण चौकट ओलांडल्यावर येते.

दाद कुठे मागायची?

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण (मॅट) आहे. अंतिम आदेशापासून साधारणपणे एक वर्षात अर्ज करावा लागतो. मॅटच्या निर्णयाला उच्च न्यायालयात आव्हान देता येते. ऑगस्ट २०२५ मध्ये सुरू झालेल्या कोल्हापूर सर्किट बेंचच्या क्षेत्रात सोलापूर जिल्ह्याचाही समावेश आहे.

खरे तर इतक्या दूर जाण्याची वेळच येऊ नये. सरकारला धोरण बदलायचे असेल, तर नियमात दुरुस्ती करण्याचा मार्ग खुला आहे. तो लांबचा वाटतो म्हणून जीआरची पळवाट काढली जाते आणि वर्षानुवर्षे खटले लढवावे लागतात. त्याचा खर्च जनतेच्या पैशातून होतो आणि ताप मात्र कर्मचाऱ्याच्या कुटुंबाला सोसावा लागतो. ‘जीआर आहे का?’ या प्रश्नाआधी ‘हा जीआर कोणत्या नियमाखाली काढला?’ असे विचारण्याची सवय मंत्रालयापासून तालुक्यापर्यंत लागली, तर यातले निम्मे वाद फाइलवरच मिटतील.