गाजरगवत आणि उघडे हात

पावसाळा सुरू झाला की टिटवाळ्याच्या रेल्वेरुळांकडेला, काळू नदीकडे उतरणाऱ्या वाटांवर आणि बांधकामाच्या प्रतीक्षेत पडून राहिलेल्या भूखंडांवर गाजरगवत माजते. गाजरासारखी पाने आणि वर पांढरी बारीक फुले. चतुर्थीला महागणपतीच्या दर्शनासाठी निघालेल्या भाविकाच्या डोळ्यांना ते हिरवेपण निरुपद्रवी वाटते. परंतु उत्सव जवळ आला, रस्ते स्वच्छ करण्याचे फर्मान सुटले, की हेच गवत कुणाच्या तरी हातांनी उपटावे लागते. प्रश्न त्या हातांचा आहे.

या तणाला लोकांनी काँग्रेस गवत असे नाव दिले. फुलांच्या पांढऱ्या टोपीवरून ते पडले, असे कुणी सांगतात. सरकारने आणवलेल्या अमेरिकन गव्हातून ते आले म्हणून पडले, असे दुसरे म्हणतात. पी. एल. ४८० चा गहू हा या कथेतील ठरलेला आरोपी. वस्तुस्थिती थोडी निराळी आहे. पुण्यात या वनस्पतीची दखल १९५५ च्या सुमारास घेतली गेली आणि आर. एस. राव यांनी १९५६ मध्ये तिची नोंद प्रसिद्ध केली, पी. एल. ४८० खालील भारताशी पहिला करार मात्र ऑगस्ट १९५६ चा आहे. त्यापूर्वी, १९५१ मध्ये, १९ कोटी डॉलरच्या कर्जावर अमेरिकन गहू देशात आला होता. तेव्हा त्या विशिष्ट कराराच्या माथी सारे पाप मारणे इतिहासाला धरून नाही. आणि मूळ परदेशी धान्यात असले, तरी टिटवाळ्यापर्यंतचा पसारा हा मालमोटारींचा, राडारोड्याचा आणि मोकळ्या टाकलेल्या जमिनीचा आहे. माती उकरून ठेवावी आणि वर्षानुवर्षे तशीच सोडावी, यासारखे या तणाला मानवणारे दुसरे काही नाही. एकेक झाड हजारो बिया टाकते, आणि उगवल्यापासून महिना-दीड महिन्यात फुलावर येते.

त्यातील पार्थेनिन हे द्रव्य कातडीचा कर्दनकाळ ठरते. वारंवार स्पर्श होत गेला की काहींच्या शरीराला त्याचे वावडे जडते. मग पापण्या, मान, कोपराच्या खोबणी सुजतात, खाजतात, चिघळतात. वाळलेल्या पानांचा भुगा वाऱ्यावर आला तरी पुरतो. परागामुळे शिंका आणि नाक वाहणे सुरू होते. पुण्याच्या त्वचारोगतज्ज्ञांनी १९६० व १९७० च्या दशकांत असे रुग्ण पाहून त्यावर लिहिले. एकदा जडलेले वावडे बहुधा जन्मभर पाठ सोडीत नाही. मलमाने तात्पुरता उतार पडतो. खरा उपाय एकच, त्या वनस्पतीपासून दूर राहणे. हा सल्ला बंगल्यात राहणाऱ्याला पाळता येतो. ज्याची भाकरीच ते गवत उपटण्यावर अवलंबून आहे, त्याने दूर कोठे जावे?

गाजरगवत औषधी आहे, असे सांगणारेही भेटतात. त्यात तथ्य नाही असे नव्हे. मेक्सिको, मध्य अमेरिका आणि वेस्ट इंडीज ही त्याची मायभूमी. तेथील खेड्यांत ताप, हगवण आणि कातडीचे विकार यांवर त्याचा काढा परंपरेने वापरला जात आला आहे. जी वनस्पती कातडी पेटवते तीच कातडीवरचे औषध मानली जावी, हा विरोधाभास वाटेल. पण औषध आणि विष यांत पुष्कळदा मात्रेचेच अंतर असते. मात्र आपल्या प्राचीन निघंटूंत या परदेशी तणाचा मागमूस असणे शक्य नाही. तेव्हा आयुर्वेदाचे नाव घेऊन त्याचा रस वा काढा कुणी देऊ केला, तर ती परंपरा नव्हे, फसवणूक आहे. अशा काढ्याकडे गरीब माणूस वळतो तो अज्ञानापेक्षा दवाखान्याच्या खर्चाला भिऊन, हेही ध्यानात घेतले पाहिजे.

कातडीवरचे औषध म्हणून आपल्या परंपरेत मान आहे तो टाकळ्याला. आयुर्वेदात तो चक्रमर्द. गजकर्णावर त्याचे बी वापरतात. पहिल्या पावसानंतर त्याची कोवळी पाने रानभाजी म्हणून ठाणे जिल्ह्यातील आदिवासी स्त्रिया बाजारात आणतात. या टाकळ्याचे दाट बी पेरले तर तो गाजरगवताला डोके वर काढू देत नाही, म्हणून तणशास्त्रज्ञही त्याची शिफारस करतात. मेक्सिकोतून आणलेला, गाजरगवताची पाने खाणारा भुंगेरा १९८४ पासून आपल्या देशात सोडला गेला आहे; पावसाळ्यात तो काम करतो, पण एकटा पुरा पडत नाही.

उपाय अशा रीतीने ठाऊक आहेत. जबलपूरचे तण संशोधन संचालनालय दरवर्षी ऑगस्टमध्ये जागृती सप्ताह पाळते. पण गवताबद्दलची जागृती पुरेशी नाही. ते उपटणाऱ्या माणसाबद्दलची हवी. कल्याण-डोंबिवली महापालिकेने हे काम उत्सवाच्या तोंडावर नव्हे, तर फुले धरण्यापूर्वी, माती ओली असताना मुळासकट करवून घ्यावे. प्रत्येक कामगाराला, मग तो कंत्राटदाराचा असो वा पालिकेचा, हातमोजे, पूर्ण बाह्यांचे कपडे व मुखपट्टी द्यावी. ज्याला वावडे जडले त्याला पगार न कापता दुसरे काम द्यावे आणि औषधाचा खर्च पालिकेने सोसावा. भूखंड पडीक ठेवणाऱ्या मालकाकडून तेथील सफाईचा खर्च वसूल करावा. जमिनीचा वाढता भाव त्याच्या पदरात आणि तिच्यावरचे तण कामगाराच्या अंगावर, ही वाटणी न्यायाची नव्हे.

तण जमिनीतून उपटता येते. ते उपटणाऱ्याच्या कातडीला किंमत नाही ही समजूत त्याहून खोल रुजलेली आहे, आणि पहिला हात तिलाच घालावा लागेल.