शाळेची गाडी

शाळेची बस कोपऱ्यावर आली, की मुली दप्तरे सावरत आत शिरतात आणि खिडकीजवळच्या जागेवरून त्यांची भांडणे सुरू होतात. या साध्या खिडकीपायी एकेकाळी कोलकात्याच्या एका मुख्याध्यापिकेची झोप उडाली होती. ती शाळा म्हणजे सखावत मेमोरियल मुलींची शाळा आणि त्या मुख्याध्यापिका म्हणजे बेगम रोकेया.

आज बांगलादेशात असलेल्या रंगपूर जिल्ह्यातील पायराबंद गावी १८८० साली एका जमीनदार घराण्यात रोकेयांचा जन्म झाला. घरात मुलींनी बंगाली-इंग्रजी शिकण्याची चाल नव्हती. थोरल्या भावाने मात्र रात्री घर झोपल्यावर मेणबत्तीच्या उजेडात या बहिणीला दोन्ही भाषा शिकवल्या. १८९८ साली भागलपूरचे डेप्युटी मॅजिस्ट्रेट सय्यद सखावत हुसेन यांच्याशी त्यांचे लग्न झाले. पतीने त्यांना लिहिण्यास उत्तेजन दिले आणि मुलींच्या शाळेसाठी दहा हजार रुपये बाजूला ठेवले. १९०९ साली ते वारले. त्याच वर्षी रोकेयांनी भागलपुरात पाच मुलींची शाळा काढली. पण घरातल्या मालमत्तेच्या तंट्यामुळे त्यांना ते गाव सोडावे लागले.

त्या कोलकात्याला आल्या आणि १६ मार्च १९११ रोजी वलीउल्ला लेनमध्ये पुन्हा शाळा सुरू केली. मुली होत्या आठ! बाईंनी स्वतः विद्यार्थिनी म्हणून कधी शाळेची पायरी चढलेली नव्हती. वर्ग कसा चालतो, हे त्या शहरातल्या इतर शाळांत जाऊन पाहून शिकल्या.

खरी अडचण वेगळीच होती. पडदा पाळणाऱ्या घरातली मुलगी रस्त्याने चालत शाळेत येणार कशी? रोकेया घरोघरी जाऊन पालकांची मनधरणी करीत. मुलीचा पडदा मोडणार नाही, अशी हमी दिल्यावाचून कोणी मुलगी पाठवायला तयार होत नसे. त्यामुळे शाळेला फळा-खडूइतकीच बंद गाडीही आवश्यक झाली. आधी घोडागाडी होती, पुढे मोटारबस आली.

ही बस चारी बाजूंनी बंद होती. वाऱ्यासाठी पुढे-मागे तेवढी एकेक चिंचोळी जाळी. पहिल्याच दिवशी मुली उकाड्याने हैराण झाल्या. कोणाला उलट्या झाल्या, लहानग्या अंधारात रडू लागल्या. दुसऱ्या दिवशी झडपा उघडून रंगीत पडदे लावले, तरी काही मुलींना घेरी आलीच. मग दोन्ही बाजूंच्या झडपाही उघडून तिथे पडदे सोडले. ही गाडी पाहून एका मुलाने तर तिला चालती अंधारकोठडी ठरवले. कोलकात्यात या शब्दामागचा १७५६ सालचा इतिहास कोणाला सांगावा लागत नाही.

मुलींच्या आया तक्रार घेऊन आल्या, की पोरींना जिवंत पुरता काय? त्याच संध्याकाळच्या टपालाने चार पत्रे आली. त्यांचे म्हणणे नेमके उलटे होते. वाऱ्याने पडदे हलतात, बेपर्दगी होते; बंदोबस्त झाला नाही, तर वर्तमानपत्रांतून शाळेविरुद्ध लिहू! गाडी बंद ठेवली तर मुली गुदमरणार, उघडली तर शाळा बुडणार. पुण्यात सावित्रीबाईंना शेणमाती झेलावी लागली. इथे विरोध सभ्य पत्रांतून आला, इतकाच फरक.

रोकेयांनी पडद्याच्या अतिरेकावर लेखणी चालवली. पण शाळेवर बालंट येऊ नये, म्हणून स्वतः बुरखा सोडला नाही. बसची ही हकिगत त्यांनी १९३१ सालच्या ‘अवरोधवासिनी’ या पुस्तकात सांगितली, तीही हसत हसत. वाचणाऱ्याच्या मात्र घशाशी आवंढा येतो.

अशा ओढाताणीतून शाळा वाढत गेली. १९१५ पर्यंत मुलींची संख्या चौऱ्यांशीवर गेली. कुराणपठणाबरोबर भाषा, शुश्रूषा, स्वयंपाक, शिवण आणि व्यायामही शिकवला जाई. शिक्षिका मिळेनात, तेव्हा मद्रास, गया, आग्रा येथून त्या आणल्या. १९३० पर्यंत दहाही इयत्ता भरून ते पूर्ण हायस्कूल झाले. ९ डिसेंबर १९३२ रोजी रोकेयांचे निधन झाले.

आज ही शाळा लॉर्ड सिन्हा रोडवर सरकारी हायस्कूल म्हणून उभी आहे. आठ मुलींवर सुरू झालेल्या शाळेने शंभरी ओलांडली आहे. शाळा वाढली म्हणजे इमारत वाढली, असे आपण सहज म्हणतो. पण एखाद्या घराने आपली मुलगी उंबऱ्याबाहेर पाठवायचे ठरवले, की शाळा तेवढी वाढलेली असते. उद्या सकाळी खिडकीच्या जागेवरून लेकीचे भांडण झालेच, तर तिला रागावण्याआधी ही गोष्ट जरूर सांगावी.