पाकीटमाराची ऐंशी वर्षं

'कॅसाब्लांका' पाहिलाय? 1942चा हा सिनेमा. त्यात सुरुवातीलाच एक गोडबोल्या माणूस एका इंग्रज जोडप्याला कळकळीने बजावतो, की या शहरात चोरांचा नुसता सुळसुळाट आहे, जपून राहा. आणि हे सांगता सांगताच त्या नवऱ्याचं पाकीट मारतो! जेमतेम मिनिटभराचं काम, पण सिनेमा संपल्यावरही तो पाकीटमार आठवत राहतो.

त्याचं नाव कुर्ट बॉइस. जन्म 1901चा, बर्लिनचा. सहा-सात वर्षांचा असतानाच तो कॅमेऱ्यासमोर उभा राहिला. पुढे बर्लिनची रंगभूमी आणि मूकपट यांत विनोदी नट म्हणून त्याने नाव कमावलं. 1933 साली हिटलर सत्तेवर आला. बॉइस ज्यू होता. त्याला देश सोडावा लागला. त्याच्या जुन्या विनोदी सिनेमातलं बाईच्या वेशातलं एक दृश्य नाझींनी 1940च्या 'डेर एविगे युडे' या ज्यूद्वेषी प्रचारपटात वापरलं. ज्यावर प्रेक्षक खळखळून हसले होते, तेच आता द्वेषाचं हत्यार झालं.

अमेरिकेत परकी भाषा, परके लोक आणि बहुतेक चिल्लर भूमिका. पाकीटमार त्यातलाच एक. 1950 साली तो जर्मनीला परतला. नाटककार ब्रेख्तच्या 'बर्लिनर आन्साम्बल' या नाटकमंडळीत त्याने पुंटिलाची मुख्य भूमिकाही केली. आणि 1987 मध्ये विम वेंडर्सच्या 'विंग्ज ऑफ डिझायर'मध्ये तो पुन्हा दिसला. एक म्हातारा बर्लिनच्या भिंतीजवळच्या ओसाड माळावर पोट्सडॅमर प्लाट्झ हा एके काळचा गजबजलेला चौक शोधत फिरतोय. चौक काही सापडत नाही. इथे अभिनय कुठे संपतो आणि स्वतःची आठवण कुठे सुरू होते, सांगता येत नाही. या भूमिकेसाठी 1988 साली त्याला सहायक अभिनेत्याचा युरोपियन फिल्म पुरस्कार मिळाला. तेव्हा तो 87 वर्षांचा होता.

'भूमिका छोटी नसते, नट छोटा असतो' हे वाक्य कॉलेजच्या एकांकिकेत छोटा रोल देताना हमखास ऐकवलं जातं. ते अर्धंच खरं आहे. बॉइसने छोट्या भूमिका हौसेने निवडल्या नव्हत्या. राजकारणाने त्याचं शहर, भाषा आणि प्रेक्षक हिरावून घेतले, म्हणून त्या वाट्याला आल्या. हा अन्याय होता आणि त्याला अन्यायच म्हणायला हवं. कष्टाचं चीज होतंच, असली गोळी आम्ही तुम्हाला देणार नाही.

पण आपल्या हातात किती असतं, ते मात्र या माणसाकडून शिकावं. मिळालेलं मिनिट उरकून टाकायचं की त्याचं सोनं करायचं, एवढं. आज विशीतच 'आपलं काही झालं नाही' म्हणून खचणारे मित्र आपल्या आसपास आहेत. त्यांना जरा तो पाकीटमार दाखवा, आणि लगेच तो चौक शोधणारा म्हातारा. मधे पंचेचाळीस वर्षं आहेत, हेही सांगा.