करवीर, अश्वमारक आणि फॉक्सग्लव्ह : एका लाडक्या दाव्याची झडती

(दीर्घ धागा)

कोल्हापूरचे जुने नाव करवीर. संस्कृतात करवीर म्हणजे कण्हेर. कण्हेरीत हृदयाच्या गतीवर परिणाम करणारी द्रव्ये असतात. ही तिन्ही विधाने खरी आहेत. त्यांच्या पाठीमागून एक चौथे विधान हळूच आत सरकवले जाते : म्हणजेच हृदयरोगाचे औषध आपल्या पूर्वजांना दोन हजार वर्षांपूर्वीच ठाऊक होते आणि इंग्रजांनी तेच फॉक्सग्लव्हच्या नावाने आपले म्हणून मिरवले.

हे चौथे विधान खोटे आहे. ते निरुपद्रवीही नाही, कारण ज्या झाडाविषयी ते बोलते ते झाड माणूस मारते.

आधी नावाचा निकाल लावू. करवीर माहात्म्याच्या परंपरेत महालक्ष्मीने जलप्रलयातून हे क्षेत्र वर उचलले अशी कथा सांगितली जाते आणि नावाचा संबंध ‘कर’ या शब्दाशी जोडला जातो. नाव कण्हेरीच्या झाडांवरून पडले असावे, हा दुसरा तर्क. दोन्हींपैकी काहीही मान्य केले तरी वैद्यकाच्या इतिहासात त्याने तसूभर भर पडत नाही. चिंचवडच्या नावात चिंच आहे. म्हणून चिंचेतील टार्टारिक आम्लाचा शोध चिंचवडकरांनी लावला असे कोणी म्हणत नाही. गावाचे नाव हा भूगोलाचा पुरावा असू शकतो, औषधशास्त्राचा नव्हे.

मग ग्रंथांकडे वळावे. गंमत अशी की हा दावा करणारे ज्या ग्रंथांची साक्ष काढतात, तेच ग्रंथ त्यांच्याविरुद्ध साक्ष देतात.

चरकसंहितेच्या सूत्रस्थानात औषधींचे पन्नास गण दिले आहेत, प्रत्येकात दहा द्रव्ये. त्यांतील एका गणाचे नावच ‘हृद्य’ आहे. त्यात आंबा, अंबाडा, करवंद, बोर, डाळिंब, महाळुंग अशी आंबट फळे येतात. करवीर त्यात नाही. करवीर येतो तो ‘कुष्ठघ्न’ गणात, खदिर, हळद, सप्तपर्ण, बहावा, वावडिंग यांच्या पंगतीत; म्हणजे त्वचाविकारांवर. पुढच्या काळातही कण्हेरीचा मुख्य उपयोग बाहेरून लावण्याचा राहिला. करवीराद्य तैल हे त्याचे ठळक उदाहरण.

सुश्रुत तर आणखी स्पष्ट आहे. कल्पस्थानात, म्हणजे विषांचा विचार करणाऱ्या भागात, त्याने मुळांत विष असलेल्या आठ वनस्पती सांगितल्या. त्यांत ‘अश्वमार’ आहे. अश्वमार किंवा अश्वमारक म्हणजे घोड्याला मारणारी, म्हणजेच कण्हेर. नंतरच्या ग्रंथांनी तिला रुई, धोतरा, गुंज, अफू यांच्याबरोबर उपविषांत बसवले आणि वापरण्यापूर्वी दुधात शोधन करण्याची अट घातली.

म्हणजे जुन्या आचार्यांनी झाड नीट ओळखले होते. त्याचा धोका त्यांनी नावातच कोरून ठेवला. ‘हे हृदयाचे औषध आहे’ असे ते म्हणाले नाहीत. जे त्यांनी म्हटले नाही ते त्यांच्या तोंडी घालणे हा त्यांचा गौरव नव्हे. दोन हजार वर्षांपूर्वीच्या वैद्याने ‘घोडा मरतो’ म्हणून सांगितले आणि आजचा उत्साही वारसदार त्याच पानांचा काढा सुचवतो. यात परंपरेचा मान कोणी राखला, हे उघड आहे.

आणखी दोन ‘पुरावे’ नेहमी पुढे केले जातात.

पहिला ‘हृत्पत्री’ या शब्दाचा. फॉक्सग्लव्हला संस्कृत नाव आहे, म्हणजे ती वनस्पती प्राचीन भारताला ठाऊक होती, असा हा तर्क. फॉक्सग्लव्ह मूळची युरोपातली. भारतात ती काश्मीर, दार्जिलिंग, निलगिरी अशा थंड डोंगराळ भागांत ब्रिटिश काळात लागवडीने आली. ‘हृत्पत्री’ हे तिच्यासाठी आधुनिक काळात घडवलेले नाव आहे. चरक, सुश्रुत, वाग्भट यांत ते शोधू नये. ‘दूरध्वनी’ हा शब्द संस्कृत आहे म्हणून पेशव्यांच्या वाड्यात टेलिफोन होता असे ठरत नाही.

दुसरा पुरावा बिट्टीचा. पिवळ्या कण्हेरीची ती गुळगुळीत, त्रिकोणी बी पश्चिम महाराष्ट्रातील कितीतरी पिढ्यांनी खेळात वापरली. तिची फुले शंकराला वाहिली जातात, म्हणून झाड अनादि काळापासून इथलेच वाटते. प्रत्यक्षात ते उष्णकटिबंधीय अमेरिकेतले आहे. मिरची, बटाटा, पेरू यांच्याप्रमाणेच युरोपीय जहाजांच्या काळानंतर ते इकडे आले आणि इथलेच झाले. देवाने ते स्वीकारले. प्राचीन ग्रंथकारांना मात्र ते कधी भेटलेच नाही.

आता विल्यम विदरिंगने नेमके केले काय ते पाहू. त्याशिवाय हा वाद अर्धवट राहतो.

युरोपालाही फॉक्सग्लव्ह जुनीच ठाऊक होती. १५४२मध्ये लिओनहार्ट फुक्सने तिला ‘डिजिटॅलिस’ हे लॅटिन नाव दिले. जखमा, फेफरे, कफ अशा नाना विकारांवर लोक ती वापरत आणि तिच्या विषाने मरतही. म्हणजे विदरिंगच्या आधी तिकडची स्थिती आपल्या कण्हेरीसारखीच होती : झाड माहीत, विष माहीत, किरकोळ उपयोग माहीत, हृदयाचा पत्ता नाही. ही गोष्ट दोन्ही बाजूंच्या अभिमानी मंडळींना अडचणीची आहे.

१७७५मध्ये श्रॉपशरमधील एका वृद्ध स्त्रीच्या घराण्यातील गुप्त औषधाविषयी विदरिंगचे मत विचारण्यात आले. अंगावर पाणी चढून सूज येण्याचा जो विकार नामांकित डॉक्टरांना हटत नसे, तो त्या औषधाने कधी कधी हटे. त्यात वीसेक वनस्पती होत्या. त्यांतील गुणकारी वनस्पती फॉक्सग्लव्हच असणार, हे विदरिंगने ओळखले. तो स्वतः जाणता वनस्पतिशास्त्रज्ञ होता.

इथवरची कथा सर्वांना आवडते. खरे काम यापुढे आहे आणि ते दहा वर्षे चालले.

मूळ वापरावे की पान? पान कोणत्या हंगामात खुडावे? काढा करावा की चूर्ण? विदरिंगने एकेक गोष्ट तपासली. झाड फुलावर येताना खुडलेली पाने वाळवून केलेले चूर्ण सर्वांत भरवशाचे, असे त्याला आढळले. काढ्यात तीव्रता कमीजास्त होई. मग मात्रा : चूर्ण एक ते तीन ग्रेन, दिवसातून दोनदा. एक ग्रेन म्हणजे सुमारे ६५ मिलिग्रॅम, चिमटीत मावेल इतके. आणि थांबायचे केव्हा? मळमळ सुरू झाली, नाडी मंदावली, लघवी मोकळी झाली किंवा जुलाब लागले की औषध ताबडतोब बंद.

१७८५मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या पुस्तकात १६३ रुग्णांच्या हकिगती आहेत. बरे झालेल्यांच्या आहेत, न झालेल्यांच्याही आहेत आणि सुरुवातीला मात्रा जास्त पडून जे बेजार झाले त्यांच्याही आहेत. फक्त यशस्वी प्रसंग निवडले असते तर औषधाची कीर्ती सहज वाढली असती, हे विदरिंगला कळत होते. तरी त्याने सर्व प्रसंग छापले. हृदयाच्या गतीवर या वनस्पतीचा असाधारण प्रभाव पडतो हेही त्याने नोंदवले. मात्र औषध मुख्यतः मूत्रल आहे असेच तो मानत राहिला. म्हणजे तोही पूर्ण बरोबर नव्हता. पण त्याच्या नोंदी इतक्या स्वच्छ होत्या की पुढच्यांना त्याची चूक दुरुस्त करता आली.

विषाचे औषध होते ते अशा वहीत. मात्रा, वेळ, थांबण्याची खूण आणि अपयशाची कबुली, यांतले काहीही गाळले की हातात पुन्हा विषच उरते.

मिथके एकट्या भारतात पिकतात असे समजण्याचे कारण नाही. त्या श्रॉपशरच्या वृद्धेचे नाव ‘मदर हटन’ होते, ती जादूटोणा जाणणारी वैदू होती आणि विदरिंगने तिचे गुपित लाटले, अशी कथा समाजमाध्यमांवर आजही रंगवली जाते. विदरिंगच्या पुस्तकात हे नाव नाही. १९२८मध्ये पार्क-डेव्हिस या अमेरिकन औषधकंपनीच्या जाहिरातीतील चित्राबरोबर ही बाई जन्माला आली, असे डेनिस क्रिकलर या हृदयरोगतज्ज्ञाने १९८५मध्ये दाखवून दिले. जाहिरातीतले पात्र इतिहास होऊन बसले. आणि विदरिंगचे श्रेय हिरावण्याचा खरा प्रयत्न केला तो कोणा पौर्वात्याने नव्हे. त्याच्याच परिचयातील डॉक्टर इरॅस्मस डार्विनने, उत्क्रांतिवाल्या चार्ल्स डार्विनच्या आजोबांनी. विदरिंगचा उल्लेख न करता त्यांनी याच औषधाविषयी आधी छापून घेतले. तो वाद मिटला तारखांवर आणि रुग्णनोंदींवर, घराण्याच्या अभिमानावर नव्हे.

तरीही कण्हेर आणि फॉक्सग्लव्ह यांचे नाते खरे आहे आणि ते रसायनशास्त्राने सिद्ध झाले आहे. फॉक्सग्लव्हमधील डिजिटॉक्सिन, कण्हेरीतील ओलिअँड्रिन, बिट्टीतील थेवेटिन ही एकाच कुळातली द्रव्ये. हृदयाच्या पेशीत सोडियम बाहेर आणि पोटॅशियम आत करणारा एक पंप असतो. १९५७मध्ये येन्स स्काउ यांनी तो उलगडला आणि १९९७मध्ये त्यांना नोबेल मिळाले. ही द्रव्ये तो पंप अडवतात. पेशीत कॅल्शियम वाढते, हृदयाचे आकुंचन जोरकस होते. मात्रा किंचित वाढली की ठोक्यांचा क्रमच मोडतो. उपचाराची मात्रा आणि घाताची मात्रा यांत अंतर फार थोडे असते, आणि झाडाच्या पानात किती द्रव्य आहे हे पानाकडे पाहून कळत नाही. उकळून किंवा वाळवून कण्हेरीचे विष जात नाही. महामार्गांच्या दुभाजकांत कण्हेर लावतात त्याचे एक कारण गुरे तिला तोंड लावत नाहीत. गुरांना जे कळते ते फिरत्या संदेशांना कळत नाही.

बिट्टीच्या विषबाधेने श्रीलंकेत १९८०च्या दशकापासून असंख्य बळी गेले. डिजॉक्सिनविरोधी प्रतिपिंड तिच्यावरही उतारा ठरतात, हे तिथल्याच रुग्णांवरील चाचणीतून २०००मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाले. दोन झाडांच्या नात्याचा याहून ठोस पुरावा मागायला नको. पण तो विषाच्या बाजूने मिळाला, हे विसरता येत नाही.

या लाडक्या दाव्याने सर्वांत मोठा अन्याय कोणावर केला असेल तर तो भारतीय संशोधकांवर. काल्पनिक पूर्वजांची आरती करताना खरी माणसे अंधारात राहिली. डॉ. सखाराम अर्जुन ग्रँट मेडिकल कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवत. १८८३मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापन करणाऱ्यांत ते होते. मुंबईच्या बाजारातील औषधींची सूची त्यांनी १८७९मध्येच छापली. कलकत्त्यात रामनाथ चोप्रांनी देशी औषधी प्रयोगशाळेत तपासल्या आणि १९३३च्या आपल्या ग्रंथात कण्हेर, बिट्टी, रानकांदा यांचा हृदयावरील परिणाम चिकित्सकपणे मांडला. परदेशातून येणारे डिजिटॅलिसचे टिंक्चर इथल्या उष्ण हवेत निस्तेज होई, म्हणून देशी पर्यायाचा प्रश्न त्यांच्यासाठी अभिमानाचा नव्हता, गरजेचा होता. पुढे दिल्लीच्या ‘एम्स’मध्ये बिट्टीतील पेरुवोसाइडचा अभ्यास झाला, हृदय निकामी होत चाललेल्या रुग्णांवरील त्याचे मोजमाप भाटिया, मनचंदा आणि रॉय यांनी १९७०मध्ये ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये प्रसिद्ध केले. विदरिंगच्या वहीशी नाते सांगणारी भारतीय वही हवी असेल तर ती ही आहे. ती कोणी पुढे पाठवत नाही.

कोल्हापूरला या कथेत जागा हवीच असेल तर तीही आहे; नावात नव्हे, शिवाजी विद्यापीठात. रानकांदा किंवा कोळकांदा हा आपल्याकडचा कंद. त्याच्या भूमध्यसागरी भावंडाचा सिरका ग्रीक वैद्य सुजेवर देत, फॉक्सग्लव्हच्या कितीतरी आधी. त्यात हृदयावर काम करणारी याच तऱ्हेची द्रव्ये आहेत. अडचण अशी की बाजारात रानकांद्याच्या नावाखाली दिसायला सारखे दुसरेच कंद खपतात आणि खुद्द रानकांद्याच्या जातींतही गोंधळ आहे. विद्यापीठाच्या वनस्पतिशास्त्र विभागात डॉ. श्रीरंग यादव आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या जाती गुणसूत्रे मोजून वेगळ्या ओळखण्याचे काम केले. कंद कोणता हेच ठाऊक नसेल तर मात्रा कशाची ठरवणार?

आज कोल्हापुरातील औषधाच्या दुकानात मिळणारी डिजॉक्सिनची गोळी चौथाई मिलिग्रॅमची असते. हे द्रव्य १९३०मध्ये सिडने स्मिथ यांनी फॉक्सग्लव्हच्या ‘लॅनाटा’ या जातीतून वेगळे केले आणि अजूनही ते त्याच झाडाच्या पानांतून काढले जाते. १९९७च्या ६,८०० रुग्णांवरील चाचणीत त्याने मृत्यूचे प्रमाण घटले नाही, रुग्णालयात भरती होण्याचे मात्र घटले; तेव्हापासून डॉक्टर ते अधिक जपून आणि कमी मात्रेत देतात. विदरिंगच्या पुस्तकाला तोवर २१२ वर्षे झाली होती आणि तपासणी चालूच होती.