खोली पाहिली, कचरागाडी विसरू नका



कापसाची मोठी पेठ म्हणून अमेरिकेतले मेम्फिस शहर आम्ही पाहायला गेलो. मिसिसिपी नदीकाठच्या या शहराने कापसाच्या व्यापारावर माड्या बांधल्या. कापूस वेचणारे हात मात्र काळ्या माणसांचे. आधी गुलामांचे, पुढे बटाईदारांचे. याच शहरातल्या लॉरेन मोटेल नावाच्या लॉजच्या सज्जात ४ एप्रिल १९६८ रोजी मार्टिन ल्यूथर किंग यांना गोळी घातली गेली. १९९१ पासून तेथे नागरी हक्कांचे संग्रहालय आहे.

किंग उतरले होते ती ३०६ क्रमांकाची खोली तशीच जपली आहे. विस्कटलेले अंथरूण, कप, बाहेर कठड्याला फुलांचे चक्र. माणसे तेथे गप्प होतात. आम्हीही झालो. पण मनात घर करून राहिली ती तिथलीच कचऱ्याची गाडी.

किंग मेम्फिसला आले कशासाठी? १ फेब्रुवारी १९६८ ला एकॉल कोल आणि रॉबर्ट वॉकर हे सफाई कामगार पावसाला आडोसा म्हणून कचरागाडीत शिरले. कचरा दाबणारे यंत्र सुरू झाले, दोघे चिरडून मेले. १२ फेब्रुवारीला सुमारे १,३०० कामगार संपावर गेले. त्यांतले कितीतरी कापसाची शेते सोडून पोटासाठी शहरात आलेले. मागणी साधी होती: मजुरी वाढवा, युनियनला मान्यता द्या. हातातल्या पाटीवर लिहिले होते, 'मी माणूस आहे'. त्यांच्या पाठीशी उभे राहायला किंग आले आणि मारले गेले. संप मोडला नाही. १६ एप्रिलला नगरपालिकेला दोन्ही गोष्टी कबूल कराव्या लागल्या.

या कथेला एक काळी बाजूही आहे. संग्रहालयासाठी १९८८ मध्ये लॉजमधल्या शेवटच्या रहिवासी बाईला बळजबरीने बाहेर काढले. ती वर्षानुवर्षे समोरच्या रस्त्यावर ठाण मांडून बसली. तिचा सवाल एकच: गरिबांसाठी मेलेल्या माणसाच्या नावाने गरिबालाच बेघर का करता?

स्मारक नको, असे आम्ही म्हणत नाही. ती गाडी तिथे नसती, तर त्या दोन कामगारांची नावे आमच्यापर्यंत पोचली नसती. पण बाईच्या सवालाचे उत्तर त्या खोलीत सापडत नाही. ते बाहेर, रस्त्यावरच द्यावे लागते.

म्हणून बैठकीत कोणाच्याही फोटोला हार घालण्याआधी विचारू या: हा माणूस मेला तेव्हा कोणाच्या कामाला निघाला होता? आणि ते काम पुरे झाले का?